उसुईंच्या हातांचं काम

मंगळवारी आणि गुरुवारी दहाच्या ठोक्याला उत्तराकाकू बाराव्या मजल्यावरून एकोणिसाव्या मजल्यावर यायच्या, दारातच बूट काढायच्या, कोपरापर्यंत हात धुवायच्या आणि अबोलीला उचलून घ्यायच्या. मग बारा वाजेपर्यंत चारुता मोकळी. मोकळी म्हणजे काय, तर बेडरूममधल्या टेबलाशी हेडफोन लावून जुने जपानी सिनेमे बघायला मोकळी.

हे काम तिच्याकडे चालून आलं होतं. पुण्यात इंजिनिअरिंग करता करता ती जपानी शिकली, पुढे पाच वर्षं एका कंपनीत जपानी क्लायंटच्या ईमेलमधला राग बाकीच्यांना समजावून सांगण्यात गेली. लग्न करून संग्रामबरोबर जर्सी सिटीला आली, वर्क परमिटची वाट बघण्यात दीड वर्ष गेलं, आणि परमिट हातात पडलं तेव्हा पोटात अबोली होती. अबोली वर्षाची झाली तशी कुणाच्या तरी ओळखीतून एका विद्यापीठाच्या लायब्ररीचा मेल आला. त्यांना एकसष्ट जपानी सिनेमे देणगी म्हणून मिळाले होते. देणारा एक निवृत्त जपानी दंतवैद्य होता. आपलं नाव कुठेही येऊ नये एवढीच त्याची अट. एकसष्टच्या एकसष्ट सिनेमांत एकच गोष्ट समान होती. त्या सगळ्यांत उसुई तोकुजी नावाचा नट होता.

नायक म्हणून नव्हे, खलनायक म्हणूनही नव्हे. उसुई पोस्टमन असायचे, पोलीस असायचे, स्टेशनमास्तर, शेजारी, नूडल्सच्या गाडीवरचा माणूस, वाईट बातमी सांगणारा डॉक्टर. लांबट चेहरा, मोठे कान. बँकेच्या रांगेत आपल्यापुढे अर्धा तास उभा असेल आणि घरी आल्यावर आठवणार नाही असा माणूस. एकोणीसशे बावन्न ते त्र्याण्णव, एक्केचाळीस वर्षं त्यांनी अशी कामं केली. चारुताने करायचं ते एवढंच: उसुई कितव्या मिनिटाला येतात, कोण असतात, काय बोलतात आणि काय करतात, ते लिहून ठेवायचं.

चारुताला हे काम फार मानवलं, कारण बारीक लक्ष ठेवणं हा तिचा स्वभावच झाला होता. अबोली झाल्यापासून ती द्राक्षाचे आठ तुकडे करायची. अबोली झोपली की नाकाशी बोट धरून बघायची. गरम पाणी, उघडी खिडकी, पलंगाची कड, पिशव्या, नाणी, शेंगदाणे. सगळ्या जगात तिला फक्त एवढंच दिसायचं. संग्राम तिला सीसीटीव्ही म्हणायचा.

"यार, सीसीटीव्हीसुद्धा कधीतरी रीस्टार्ट करावा लागतो," तो म्हणायचा. "झोप जरा."

"तू ऑफिसला जातोस. तुला काय कळणार?"

"तेच म्हणतोय ना. तू पण सिनेमे बघतेस ते बरं आहे. दोन तास तरी डोक्यात दुसरं काही."

दुसरं काही. सुरुवातीचे चार आठवडे तसंच होतं.

एका छोट्या भूमिकेच्या नटाने स्वतःला हातांचं काहीतरी काम लावून घ्यायचं, ही तिकडची पद्धत तिच्या लवकरच ध्यानात आली. नायक-नायिका पुढे बोलत असतात, मागे उभ्या माणसाने नुसतं उभं राहायचं नाही. त्याने टोपी झटकायची, काडी पेटवायची, कप पुसायचा. उसुई यात पटाईत होते. म्हणून चारुताने लायब्ररीच्या तक्त्यात स्वतःहून एक रकाना वाढवला आणि त्याला नाव दिलं, 'हात'.

तो नववा सिनेमा होता. एका चहाच्या दुकानात नायिका रडत होती. उसुई दुकानदार. त्यांनी शेगडीवरची किटली उचलली नाही, चहा ओतला नाही. फक्त किटलीची तोटी भिंतीकडे फिरवली, आणि मग शेगडीखाली लोंबणारी एक दोरी उचलून मागे टाकली. सीनशी याचा काही संबंध नव्हता. चारुताने लिहिलं: किटली भिंतीकडे, दोरी मागे.

बारा वाजता ती स्वयंपाकघरात आली. ओट्यावर त्यांची विजेची किटली होती, नुकतीच उकळलेली. काकूंनी चहा केला होता. किटलीची वायर ओट्यावरून खाली लोंबत होती आणि अबोली कपाटाला धरून उभी राहून वायरकडे हात पुढे करत होती. चारुताने तीन पावलांत जाऊन वायर उचलून मागे टाकली.

"अगं बाई," काकू म्हणाल्या. "माझंच चुकलं. मी बाटली भरत होते."

"असू दे काकू. काही झालं नाही ना."

किटली, किटली. तिला नवल वाटलं आणि ती विसरली.

अकराव्या सिनेमात उसुई स्टेशनमास्तर होते. गाडी निघून गेली, फलाटावर नायक एकटा. मागे उसुई खाली वाकले, दोन बोटांनी काहीतरी बारीक, चपटं, गोल उचललं, डोळ्यांसमोर धरलं आणि खिशात टाकलं. रिकाम्या फलाटावर. चारुताने ते तीनदा मागे नेऊन बघितलं. मग हेडफोन काढून ती बाहेर आली आणि हॉलमध्ये गुडघ्यांवर बसली.

"काय हरवलं?" काकूंनी विचारलं.

सोफ्याखाली हात घातल्यावर बोटांना गार काहीतरी लागलं. दिव्याच्या छोट्या रिमोटमधला बटणाएवढा सेल. रिमोटचं मागचं झाकण कधी निघालं होतं कुणास ठाऊक. अबोली तिथून हातभर अंतरावर बसून ठोकळे चाटत होती.

असा सेल पोटात गेला तर काय होतं ते चारुताला पाठ होतं. काकू तर डॉक्टर, चाळीस वर्षं पॅथॉलॉजिस्ट. त्यांनी सेल हातात घेतला, एकदा अबोलीकडे बघितलं आणि तो कागदात गुंडाळून स्वतःच्या पर्समध्ये ठेवला. 

"तुला दिसला कसा?"

"सिनेमात बघितलं," चारुता म्हणाली.

त्या संध्याकाळी तिने संग्रामला दोन्ही प्रसंग लॅपटॉपवर दाखवले. आपल्यालाच दिसतंय की खरंच आहे, एवढं तिला कळायला हवं होतं. संग्रामने नीट बघितलं.

"हो, किटली फिरवली. हो, काहीतरी उचललं. मग?"

"मग त्याच दिवशी आपल्याकडे..."

"चारू, तू दिवसाला पन्नास धोके शोधतेस. तो माणूस सिनेमात पन्नास गोष्टी करतो. त्यातली एखादी जुळणारच ना. हा सिनेमा सत्तावन्न सालचा आहे. माझे बाबा जन्मले नव्हते तेव्हा."

हे बरोबर होतं. चारुतालाही असंच वाटायला हवं होतं, आणि बहुतेक वेळा वाटायचंही. पुढच्या वेळी आल्यावर काकू म्हणाल्या, "मी आयुष्यभर मायक्रोस्कोपखाली स्लाइड्स बघितल्या. एकदा डोळ्याला एखादा आकार बसला ना, की तो सगळीकडे दिसतो. म्हणून आम्ही दुसऱ्याला बघायला देतो." मग पुढे म्हणाल्या, "पण दुसऱ्यालाही दिसलं, तर मात्र लिहून ठेवतो."

म्हणून ती लिहून ठेवू लागली. 'हात' या रकान्याशेजारी एक रकाना आला, तो फक्त तिच्या स्वतःच्या प्रतीत. त्यात ती तारीख आणि घरातली गोष्ट लिहायची. तिने क्रमही मोडून बघितला. चौदाव्यानंतर एकदम चाळिसावा लावला. चाळिसाव्यात उसुई डॉक्टर होते. म्हातारीला मुलगा गेल्याचं सांगता सांगता त्यांनी डावा हात मागच्या उंच कपाटाला लावला आणि ते पुढे येतं का ते हलवून बघितलं. चारुताने उठून अबोलीच्या कपड्यांचं कपाट हलवलं. भिंतीला बांधलेला पट्टा स्क्रूसकट निसटून तिच्या हातात आला. त्याच दिवशी तिसऱ्या प्रहरी अबोलीने पहिल्यांदा खालचा खण ओढून त्यावर पाय ठेवला.

पंधरावा लावला असता तर? मागाहून तिने पंधरावाही बघितला. त्यात उसुई एक तुटकी फळी बाजूला करत होते, आणि त्या दिवशी खालच्या बागेत लाकडी गाडीची एक फळी निघालेली होती, खिळ्यासकट.

कधी त्यांचे हात काहीच करायचे नाहीत. गुडघ्यावर ठेवलेले, टोपी धरलेले. त्या दिवशी घरातही काही व्हायचं नाही. हळूहळू चारुताला एक विलक्षण गोष्ट कळली: उसुईंचे हात शांत असले की ती दुपारी झोपू शकत होती. गाढ, घोरत. वर्षभरात पहिल्यांदा. नाकाशी बोट धरणं सुटलं. द्राक्षाचे आठांचे चार तुकडे झाले. ती अबोलीबरोबर जमिनीवर लोळून हसू लागली, आणि संग्राम म्हणाला, "हा उसुई कोण आहे त्याला एकदा जेवायला बोलवू या."

"ते जाऊन पंचवीस-तीस वर्षं झाली."

"मग नैवेद्य दाखव," संग्राम म्हणाला. थट्टाच होती. पण चारुताने उसुईंचा एक फोटो प्रिंट करून खरंच टेबलापाशी लावला. पोस्टमनच्या वेशातला. काम सुरू करायच्या आधी ती मान लववायची, पुण्यात जपानीच्या बाईंनी शिकवली होती तशी, कंबरेतून. एकदा काकूंनी ते बघितलं.

"हे काय गं?"

"काही नाही. थँक्यू म्हणत होते."

काकूंनी थट्टा केली नाही. फोटोकडे बघून त्या म्हणाल्या, "कान बघ केवढे आहेत. नशीबवान असणार."

मार्चमधला तो गुरुवार स्वच्छ उन्हाचा होता. काकू म्हणाल्या, "आज हिला चौथ्या मजल्यावर नेते. घसरगुंडीवर. घरात किती बसवायचं?" चौथ्या मजल्याच्या गच्चीत मुलांसाठी रबराची जमीन, दोन झोके आणि एक बुटकी घसरगुंडी होती. चारुताने अबोलीला जाकीट घातलं, टोपी घातली, दोघींना लिफ्टपर्यंत सोडलं आणि येऊन सत्तेचाळिसावा सिनेमा लावला.

बाविसाव्या मिनिटाला उसुई आले. सरायचे मालक. दारात पाहुणे भांडत होते. उसुई गल्ल्यापाशी बसले होते, आणि त्यांनी तर्जनी स्वतःच्या कॉलरच्या आत घातली. मानेभोवती एक फेरी फिरवली. आत जागा करावी तशी. थांबले. पुन्हा एक फेरी. मग दोन्ही हातांनी कॉलरपाशी काहीतरी पकडलं आणि जोराने, इतक्या जोराने ओढलं की ते बसल्या जागी मागे गेले.

चारुताने लिहिलं: कॉलर सैल. आणि पेन तसंच हातात राहिलं.

खिडकीच्या पडद्यांच्या दोऱ्या? त्या केव्हाच कापून टाकल्या होत्या. जाकिटाच्या टोपीला नाडी? नव्हती, तिने बघूनच घेतलं होतं.

गोफ.

रविवारी नागपूरहून पार्सल आलं होतं. सासूबाईंनी नातीसाठी काळ्या रेशमाचा गोफ पाठवला होता, त्यात सोन्याचं छोटं पान ओवलेलं. दृष्ट लागू नये म्हणून. व्हिडिओ कॉलवर सासूबाई समोर असताना चारुताने तो अबोलीच्या गळ्यात घातला. दीड वर्षाच्या मुलीच्या गळ्यात काही घालू नये, हे तिला माहीत नव्हतं असं नाही. फोन ठेवला की काढू, असं तिने ठरवलं होतं. पण त्या इतक्या आनंदाने बघत होत्या, आणि अबोली त्यात इतकी गोड दिसत होती, की सोमवारी काढू असं झालं. आणि खरं सांगायचं तर दृष्टीचीही तिला भीती वाटत होती. रेशमाचा गोफ, चांगला पिळाचा. तुटणारा नव्हता.

ती अनवाणीच धावली.

लिफ्ट यायला वेळ लागला. सतराव्याला एक माणूस कुत्रा घेऊन चढला. चौदाव्याला दार उघडलं, कुणीच नव्हतं, दार बंद झालं. नवव्याला एक बाई म्हणाली, "गोइंग अप?" चारुताने बंद करायचं बटण दाबून धरलं. बाई काहीतरी म्हणाली.

चौथा.

गच्चीचं जड दार. ऊन.

काकू घसरगुंडीच्या खालच्या टोकाशी हात पसरून उभ्या होत्या आणि हसत होत्या. "ये, ये, ये."

अबोली वर बसली होती. ती सुटली.

अर्ध्यावर थांबली.

काकू अजून हसतच होत्या.

घसरगुंडीच्या कठड्याला एक बोल्ट थोडा वर आलेला होता. अबोली आवाज काढत नव्हती. पाय सरळ खाली ताणलेले, हनुवटी वर.

चारुताने बाजूने चढून तर्जनी गोफाच्या आत घातली. जागा नव्हती. तिने बोट फिरवलं. थांबली. पुन्हा फिरवलं. मग दोन्ही हातांनी धरून इतक्या जोराने ओढलं की गोफ बोल्टवरून सुटला, ती मागे रबरावर पडली आणि अबोली तिच्या पोटावर.

एक क्षण काहीच नाही. मग अबोली रडली. संबंध गच्ची भरून रडली.

काकूंनी तिथेच बसून तिचा गळा, डोळे, ओठ तपासले. त्यांचे हात डॉक्टरचे होते, स्थिर.  "काही नाही. वळ उठलाय. काही नाही झालं," त्या पुन्हा पुन्हा म्हणत राहिल्या. मग चारुताच्या अनवाणी पायांकडे त्यांचं लक्ष गेलं.

"आज काय बघितलंस?"

चारुताने आपल्या कॉलरमध्ये बोट घालून दाखवलं.

 काकू म्हणाल्या, "मला तो माणूस भेटायला हवा होता गं. पाया पडले असते."

त्या दिवशी चारुताने दहीभात केला, एका वाटीत काढून फोटोसमोर ठेवला, आणि संग्राम घरी आल्यावर तो फोटोसमोर जाऊन उभा राहिला. तो असल्या गोष्टी मानणारा नव्हता. त्याने कंबरेतून वाकायचा प्रयत्न केला आणि ते त्याला नीट जमलं नाही.

पुढच्या आठवड्यात लायब्ररीने देणगीच्या खोक्यातली कात्रणं स्कॅन करून पाठवली. त्यांत एकाहत्तर सालच्या मासिकातली एक छोटी मुलाखत होती. उसुईंची बहुधा एकुलती एक. अशा नटाला कोण विचारतो? चारुताने ती आधी स्वतः वाचली, मग काकूंना मराठीत वाचून दाखवली.

मुलाखत घेणाऱ्याने विचारलं होतं, पडद्यावर तुमचे हात सतत काहीतरी करत असतात, ते कुणी सांगतं का?

"नाही. मलाही ते ठाऊक नसतं. मी आपला उभा असतो, निदान मला तसं वाटतं. नंतर पडद्यावर बघितलं की कळतं. एकदा तर मी तिथे नसलेलं दारच लावून घेतलं. दिग्दर्शक म्हणाले, छान आहे, राहू द्या."

हे शिकलात कुणाकडून?

"शिकलो नाही. माझा मुलगा रांगायचा तेव्हा त्याची आई आजारी होती आणि मी घाबरट होतो. दुपारी त्याला पाठीला बांधून सिनेमाला जायचो. एक म्हातारी नटी असायची, नेहमी मोलकरणीच्या कामात. मी तिच्याच हातांकडे बघायचो. तिचे माझ्यावर फार उपकार आहेत. मी तिला पत्र लिहिलं, तर तिचं उत्तर आलं की तुम्ही कशाबद्दल लिहिताय ते मला कळलं नाही."

आणि मुलगा?

"उत्तम आहे. अमेरिकेला जाऊन दातांचा डॉक्टर व्हायचं म्हणतो."

काकूंनी चष्मा काढला. "म्हणजे खोकं पाठवणारा..."

"हो."

"जिवंत आहे. म्हातारा झालाय, आणि जिवंत आहे." काकू हसल्या आणि डोळे पुसू लागल्या. चारुताही रडली, पण ते रडणं हलकं होतं. एवढं मोठं झालेलं एक मूल जगात आहे, इथेच, या देशात, सगळे केस पिकवून. याहून चांगली बातमी तिने वर्षभरात ऐकली नव्हती. तिने लायब्ररीमार्फत त्याला एक पत्र पाठवलं. 'तुमच्या वडिलांचे आभार' एवढंच जपानीत. उत्तर आलं नाही, आणि त्याचं तिला वाईटही वाटलं नाही.

मेच्या सुरुवातीला एकसष्टावा सिनेमा उरला. त्र्याण्णव साल, रंगीत. उसुई इस्पितळातल्या दुसऱ्या खाटेवरचे म्हातारे, चाळीस सेकंद. हात पांघरुणाखाली. नायक पहिल्या खाटेवरच्या बापाशी बोलत होता. एकोणतिसाव्या सेकंदाला पांघरूण हललं, हात बाहेर आले आणि पांघरुणावर पालथे पडून राहिले. त्यांनी काही केलं नाही. चारुता शेवटच्या सेकंदापर्यंत बघत होती. मग तिने लिहिलं: काही नाही.

आता पुढे कोण सांगणार, ही भीती तिला वाटली. रात्रभर वाटेल असं तिला वाटलं होतं, पण ती झोपली. सकाळी अबोली पलंगाची कड धरून स्वतःहून उलटी झाली आणि पाय आधी टेकवून खाली उतरली, शिकवल्यासारखी. आणि चारुताला वाटलं, पुरे. एका माणसाने एक्केचाळीस वर्षांत आपल्यासाठी जेवढं करायचं तेवढं केलं.

त्या शनिवारी तिघं नदीकाठी गेली. दुपारचे साडेबारा असतील. पाणी लखलखत होतं, पलीकडे मॅनहॅटनच्या इमारती इतक्या स्पष्ट की खिडक्या मोजाव्यात. फेरीच्या धक्क्यापाशी संग्राम कॉफी आणायला वळला आणि चारुता अबोलीची स्ट्रोलर ढकलत कठड्याच्या बाजूने पुढे निघाली. डोक्यात काही नव्हतं. रात्री पिठलं करावं की खिचडी, एवढंच.

"ओह, सॉरी!"

समोर तिच्याच वयाची एक बाई उभी होती. एका हातात फोन, दुसऱ्या हातात दोन-अडीच वर्षांच्या मुलीचा हात. ती मुलीशी मराठीत बोलत त्या इमारतींचा व्हिडिओ काढत होती.

"सॉरी तर मीच म्हणायला हवं," चारुता हसून म्हणाली. "मी तुमच्या मध्ये आले."

"अहो, काही नाही. तुम्ही थांबलात आणि हातांनी काहीतरी करायला लागलात ना, मला वाटलं मलाच काहीतरी सांगताय."

चारुताने आपल्या हातांकडे बघितलं. ते स्ट्रोलरच्या दांड्यावर होते. तिथून ते हलले होते असं तिला मुळीच आठवत नव्हतं. पण स्ट्रोलर तिच्यापासून दोन पावलं पुढे उभी होती, तिचे ताणलेले हात आत्ताच दांड्यापर्यंत पोचले होते, आणि ती पुढे वाकलेली होती.

"काय केलं मी?" तिने विचारलं.

"अं?"

"हातांनी. मी काय केलं?"

"कुणास ठाऊक. मी मागच्या बिल्डिंगा बघत होते." त्या बाईने अंगठ्याने फोनवर दोनदा टिचकी मारली. "नो वरीज, डिलीट केला. पुन्हा काढते."

"नाही, थांबा. तो परत आणता येतो. मला एकदाच बघू द्या. तुम्ही बघा, तुम्हीच बघा, माझे हात फक्त..."

चारुताचा आवाज चढला होता. त्या बाईचं हसू जागच्या जागी राहिलं, पण डोळ्यांतून गेलं. तिने मुलीला जवळ ओढलं. "वी हॅव टू कॅच द फेरी," ती म्हणाली, आणि चालू लागली. चालता चालता धावायला लागली. मुलगी तिच्याबरोबर दुडक्या उड्या मारत होती आणि मागे वळून चारुताला टाटा करत होती.

संग्राम दोन कप घेऊन आला तेव्हा फेरी सुटली होती.

"काय झालं? कोण होती ती?"

 चारुताने डोळे मिटून हातांना आठवायला लावलं. काहीतरी फिरवलं का? उचललं? ओढलं? हात नुसते लोंबत राहिले.

डिलीट केलेला व्हिडिओ फोनमध्ये तीस दिवस तसाच राहतो, हे तिला माहीत होतं. कुणी उघडून बघितलं तर दिसतो. मग आपोआप जातो.